गाणारीचं नाव कुठं गेलं?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीत आपण 'बेसमेंट जॅक्स' या इंग्लंडमधल्या, नाचाचं इलेक्ट्रॉनिक संगीत करणाऱ्या जोडीवर अर्धं पान छापलंत. मराठी पेपरात हे नाव बघून मी लेख दोनदा वाचला. पहिल्यांदा आनंदानं आणि दुसऱ्यांदा जरा चिडून. लेखकानं शेवटी म्हटलंय की 'नुसती बटणं दाबूनही जगात नाव काढता येतं.' आणि अख्ख्या अर्ध्या पानात एकाही गायिकेचं नाव नाही. फोटो तेवढा त्या दोघांचा, चांगला मोठा.

मी साताऱ्यात साउंड भाड्यानं देतो. लग्नं, सभा, भजनी मंडळं, गणपती, सगळं करून बावीस वर्षं झाली. आमच्या धंद्यात नवा सेट आला की चेकिंगला लावायचं प्रत्येकाचं एक ठरलेलं गाणं असतं. कुणी कव्वाली लावतो, कुणी लावणी. माझं गाणं या जोडीचं 'रेड अलर्ट', १९९९ सालचं. पोरं हसतात, पण त्याला कारण आहे. या गाण्यात किक, म्हणजे मोठ्या ड्रमचा ठोका, प्रत्येक मात्रेवर पडते आणि बेस, म्हणजे खर्जातली धून, तिच्यावर न बसता दोन ठोक्यांच्या मधल्या फटीतून उड्या मारत जातो. क्रॉसओव्हर, म्हणजे खर्जाचा आणि वरचा आवाज वेगवेगळ्या स्पीकरना वाटणारी मांडणी, चुकला की किक आणि बेस एकमेकांत मिसळून नुसतं गदगद ऐकू येतं. बरोबर लागला की दोन्ही सुटे कळतात आणि त्यांच्या वर ब्लू जेम्स या गायिकेचा आवाज मधोमध उभा राहतो. आवाज जरा मागं गेला तर सेट परत खोलायचा. मशीन तपासायला मी एका बाईच्या गळ्यावर भरवसा ठेवतो, आणि तुमच्या लेखात तिचं नावच नाही!

बटणांचं आधी बोलतो. आमच्याकडं 'डीजे' म्हणजे माणूस नव्हे, ट्रॉलीवर रचलेली बॉक्सची भिंत. त्यामुळं लेखकाचाही तसा समज झाला असेल, दोष देत नाही. पण या जोडीतल्या फेलिक्स बक्स्टन आणि सायमन रॅटक्लिफ यांनी १९९४ मध्ये दक्षिण लंडनच्या ब्रिक्स्टनमध्ये सुरुवात केली, ती स्वतःचं छोटं लेबल, म्हणजे रेकॉर्ड कंपनी, काढून. त्याचं नाव 'अटलांटिक जॅक्स'. ब्रिक्स्टन म्हणजे जमैकाहून आलेल्या लोकांची जुनी वस्ती. १९४८ मध्ये 'विंडरश' जहाजातून उतरलेल्यांपैकी बरेच जण तिथंच स्थिरावले. तिथल्या रेगे आणि रॅगा या जमैकन संगीताचा वास या दोघांच्या गाण्यांना येतो. ही जोडी करते ते 'हाऊस' नावाचं नाचाचं संगीत मात्र लंडनचं नव्हे, तुमच्या लेखावरून तसं वाटतं म्हणून सांगतो. ते शिकागोचं. तिथल्या 'वेअरहाऊस' नावाच्या क्लबात फ्रँकी नकल्स रेकॉर्ड वाजवायचा, त्यावरूनच हे नाव पडलं असं मानतात. चार मात्रा, प्रत्येक मात्रेवर ठोका, मधल्या जागी हाय-हॅट, म्हणजे ड्रमची झांज, एवढा साधा सांगाडा. त्यावर काय चढवायचं, तिथं माणूस कळतो.

या दोघांनी त्याच्यावर लॅटिन अमेरिकेचे ताल चढवले, पंक रॉकचा आडदांडपणा चढवला. 'रेमेडी' हा त्यांचा पहिला अल्बम १९९९ चा. त्यातलं 'रेड अलर्ट' इंग्लंडमधल्या खपाच्या यादीत पाचव्या क्रमांकापर्यंत गेलं, 'राँदेव्हू' चौथ्या. दुसरा अल्बम 'रूटी' २००१ चा. ब्रिक्स्टनमधली त्यांची जी क्लबची रात्र असायची, तिचंच हे नाव. 'व्हेअर्स युवर हेड अ‍ॅट' त्यातलंच. त्यात गॅरी न्यूमन या इंग्लिश गायकाच्या १९७९ आणि १९८० सालच्या दोन गाण्यांचे तुकडे आहेत. वीस वर्षं जुनी दोन गाणी उचलायची, त्यातला नेमका कुठला तुकडा घ्यायचा ते कानानं ठरवायचं आणि त्यातून तिसरंच, भांडखोर गाणं उभं करायचं. हे बटण दाबून होत असतं तर आमच्या गल्लीतल्या प्रत्येक ऑपरेटरला बक्षिसं मिळाली असती. त्याच अल्बममधल्या 'रोमिओ'चा व्हिडिओ हिंदी सिनेमाच्या थाटात केलेला आहे. ते गाणं गायलीय केली ल रॉक. तिचंही नाव लेखात नाही.

आता मूळ तक्रार. गायिकेचं नाव गाळणं ही हाऊसमधली जुनी खोड आहे. १९८९ मध्ये 'ब्लॅक बॉक्स' या इटलीच्या मंडळींचं 'राइड ऑन टाइम' इंग्लंडमध्ये सहा आठवडे पहिल्या क्रमांकावर होतं. त्यातला आवाज लोलिअ‍ॅटा हॉलोवे या अमेरिकन गायिकेच्या १९८० सालच्या गाण्यातून कापून घेतलेला, आणि टीव्हीवर ओठ हलवायला एक मॉडेल उभी. पुढं त्याच मंडळींनी मार्था वॉश या गायिकेकडून गाणी गाऊन घेतली आणि चेहरा परत त्या मॉडेलचाच. 'सी अँड सी म्युझिक फॅक्टरी' या अमेरिकन मंडळींनीही मार्थाच्या आवाजावर दुसरीचा चेहरा लावला. मार्था कोर्टात गेली, तेव्हा कुठं गाणाऱ्याचं नाव देण्याची शिस्त लागायला लागली.

आपल्याला हे नवीन वाटायला नको. 'महल'च्या तबकडीवर 'आएगा आनेवाला'ची गायिका म्हणून नाव काय छापलं होतं? 'कामिनी'. म्हणजे पडद्यावरच्या पात्राचं. लताबाईंचं नाव लोकांना विचारून घ्यावं लागलं. ते साल १९४९.

बेसमेंट जॅक्स अगदी धुतल्या तांदळासारखे आहेत असं मी म्हणत नाही. सुरुवातीच्या गाण्यांवर दर्शनी नाव जोडीचंच, गाणारी कोण ते शोधावं लागायचं. पण २००३ च्या 'किश कॅश'पर्यंत चित्र बदललं. 'गुड लक' या गाण्याबरोबर लिसा केकाउलाचं नाव ठळक आलं, 'लकी स्टार'बरोबर डिझी रास्कल या रॅपरचं. लिसा 'बेलरेज' या रॉक बँडची गायिका. 'गुड लक'मध्ये ती अशी काही तुटून पडते की ऑपरेटरनं आधीच गेन, म्हणजे माइकच्या आवाजाची पातळी, खाली घेतलेली बरी. २००४ च्या युरो फुटबॉलच्या वेळी बीबीसीनं हेच गाणं वापरलं. ग्रॅमीत इलेक्ट्रॉनिक-डान्स अल्बमचं बक्षीस पहिल्यांदा दिलं ते २००५ मध्ये, आणि ते 'किश कॅश'ला मिळालं. मला स्वतःला त्या अल्बममध्ये मसाला थोडा जास्त वाटतो, पण आवाज एकापेक्षा एक आहेत.

त्याच वर्षी इंग्लंडच्या ग्लास्टनबरी संगीत महोत्सवात शेवटच्या रात्री काइली मिनोग गाणार होती. तिला कॅन्सरचं निदान झालं आणि तिच्या जागी या जोडीला मुख्य स्टेज मिळालं. समोर अफाट गर्दी, आणि यांच्यातला एकही मुख्य गायक नव्हे. त्यांनी गायिका पुढं केल्या, वादक आणले, नाचणारे आणले. तुमच्या लेखात या कार्यक्रमाला 'दोन डीजेंचा विजय' म्हटलंय. मी यूट्यूबवर बघितलाय. त्यात डोळा त्या दोघांवर ठरतच नाही.

पुढचं फार लांबवत नाही. २००६ चा 'क्रेझी इच रेडिओ' मला पसरट वाटला. २००९ च्या 'स्कार्स'मध्ये योको ओनोही आहे. 'अटॅक द ब्लॉक' या सिनेमाचं संगीत त्यांनी स्टीव्हन प्राइसबरोबर २०११ मध्ये केलं. २०१४ मध्ये सातवा अल्बम 'जुंटो' आला. हे सगळं लेखात आहे, तारखाही बरोबर आहेत.

लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांच्यावर लेख लिहिताना आपण लता, रफी, किशोर यांची नावं गाळू का? ही जोडीसुद्धा तशीच आहे, चाली आणि वाद्यमेळ त्यांचा, गळे दुसऱ्यांचे. तर पुढच्या रविवारी कोपऱ्यात दोन ओळींची जागा असेल तर एवढीच दुरुस्ती छापा: ब्लू जेम्स, केली ल रॉक, लिसा केकाउला. त्या दोघांचा फोटो परत टाकायची गरज नाही.

आपला नेहमीचा वाचक,
एक साउंडवाला, सातारा