खुर्द्याची गणती

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या रविवारच्या पुरवणीतला अफगाणिस्तानवरचा लेख वाचला. तो मेहनतीने लिहिला आहे आणि नकाशेही चांगले आहेत. पण ‘साम्राज्यांचे कब्रस्तान’ हा शब्दप्रयोग त्यात चार वेळा आला आणि शेवटी ‘लढणे अफगाणांच्या रक्तातच आहे’ असे वाक्य आले. मी तीस वर्षे शाळेत इतिहास शिकवला. ही दोन्ही वाक्ये मीही वर्गात उच्चारलेली आहेत. आज ती मला पटत नाहीत, म्हणून हे पत्र.

पानिपतानंतर नानासाहेब पेशव्यांच्या हाती पडलेला सावकारी निरोप मराठी माणसाला ठाऊक असतो. दोन मोत्ये गळाली, मोहरा हरवल्या आणि रुपये-खुर्दा किती गेला त्याची गणती नाही. मोत्ये म्हणजे भाऊसाहेब आणि विश्वासराव, मोहरा म्हणजे नावाजलेले सरदार. खुर्दा म्हणजे साधा शिपाई, आणि त्याच्याही मागून चालणारे बुणगे : मोतद्दार, भिस्ती, तेली-तांबोळी, बायकापोरे. अफगाणिस्तानातल्या गेल्या दोन शतकांच्या युद्धांचा इतिहासही असाच मोत्यांवर सांगितला जातो.

कुलाब्याला ज्याला सगळे अफगाण चर्च म्हणतात, त्या चर्चमध्ये एकदा जाऊन यावे. पहिल्या अफगाण युद्धात आणि सिंधच्या मोहिमेत मेलेल्यांच्या स्मरणार्थ ते बांधले, १८५८ साली ते खुले झाले. भिंतीवर अधिकाऱ्यांची नावे आहेत. साध्या सैनिकांबद्दल तिथला लेख सांगतो की ते इतके होते की नावे कोरणे शक्य नव्हते. त्या मजकुरात बुणगे तर नाहीतच.

ती मोहीम निघाली कशासाठी? गव्हर्नर जनरल ऑकलंड यांना रशियाची धास्ती होती. काबूलच्या दोस्त मोहम्मद खानाला रणजितसिंहांकडे गेलेले पेशावर परत हवे होते, आणि रणजितसिंहांना दुखावणे कंपनीला परवडणारे नव्हते. मग १८०९ मध्ये गादी गमावलेला आणि लुधियान्यात कंपनीच्या पेन्शनीवर बसलेला शाह शुजा बाहेर काढला गेला. त्याला गादीवर बसवायला एक फौज बंगालकडून निघाली आणि दुसरी मुंबईहून समुद्रमार्गे सिंधमध्ये उतरली. जुलै १८३९ मध्ये गझनी पडली, ऑगस्टमध्ये काबूल.

आणि मग दोन वर्षे, काही चकमकी सोडल्या तर, काबूल शांत होते. ‘रक्तात आहे’ म्हणणाऱ्यांनी ही दोन वर्षे जरा थांबून पाहावीत. लढणे रक्तात असते तर पहिल्याच दिवशी आग लागली असती. ती लागली नोव्हेंबर १८४१ मध्ये, आणि तिची कारणे बोटावर मोजता येतात. फौजेच्या खरेदीने बाजारात धान्य महागले होते. गोऱ्या अधिकाऱ्यांच्या शहरातल्या बायकांशी असलेल्या वागण्याने घरोघर संताप होता. त्यात कलकत्त्याहून खर्च कमी करण्याचा तगादा लागला, तेव्हा कंपनीचे काबूलमधले प्रतिनिधी मॅकनॉटन यांनी गिलझाई टोळीच्या सरदारांना मिळणाऱ्या रकमेत कपात केली. काबूल ते जलालाबादच्या खिंडी याच गिलझाईंच्या ताब्यात होत्या. वाट मोकळी ठेवण्याचा मोबदला तोडला आणि वाट बंद झाली. २ नोव्हेंबरला मॅकनॉटन यांचे सहकारी अलेक्झांडर बर्न्स यांना त्यांच्याच घरात मारले. २३ डिसेंबरला मॅकनॉटन वाटाघाटीला गेले असता मारले गेले.

६ जानेवारी १८४२ रोजी काबूलची छावणी बर्फातून परतायला निघाली. सुमारे ४,५०० सैनिक होते, त्यातले गोरे साधारण ७००, बाकी हिंदी शिपाई. त्यांच्यामागे सुमारे १२,००० बुणगे. १३ जानेवारीला डॉक्टर ब्रायडन थकल्या घोड्यावर जलालाबादच्या तटाशी पोचले. त्यांचे चित्र जगभर गाजले, ‘एकटा वाचलेला माणूस’ म्हणून. पण ते एकटे वाचले नव्हते. काही गोरे अधिकारी आणि बायका ओलीस म्हणून जिवंत होत्या. हिमदंशाने हातपाय गेलेले कितीतरी हिंदी शिपाई आणि नोकर काबूलच्या गल्ल्यांत भीक मागत होते, कित्येक गुलाम म्हणून विकले गेले. ते चित्रात आले नाहीत. तारीख पाहा, १४ जानेवारीचा, म्हणजे पानिपतच्या तारखेचा, आदला दिवस. पानिपतला तेव्हा ८१ वर्षे होत होती आणि खुर्दा पुन्हा तसाच गेला होता.

त्याच वर्षी सूड घ्यायला आलेल्या पोलक यांच्या फौजेने काबूलचा छत्त्याचा बाजार उडवून दिला. तिथल्या दुकानदारांनी कोणाला मारले होते? पुढच्या वर्षी दोस्त मोहम्मद परत गादीवर आला. ज्याला हटवायला हे सगळे झाले, तोच. आणि साम्राज्य? त्याने १८४३ मध्ये सिंध घेतला, १८४९ मध्ये पंजाब. कब्रस्तानात ते गेले नव्हते.

दुसऱ्या युद्धात (१८७८ ते १८८०) आपला संबंध आणखी जवळचा. २७ जुलै १८८० रोजी कंदहारजवळ मैवंदला अयूब खानाने जी फौज मोडली तिच्यात मुंबई लष्कराच्या पलटणी होत्या, बॉम्बे ग्रेनेडियर्स आणि जेकब्ज रायफल्स. सुमारे अडीच हजारांपैकी जवळजवळ हजार जण पडले. पण या युद्धाची किंमत न लढणाऱ्यांनीही मोजली, आणि ती मला जास्त अस्वस्थ करते. १८७६ ते ७८ च्या दुष्काळात दख्खन होरपळून निघाले होते. पुन्हा असे होऊ नये म्हणून दुष्काळनिवारणाच्या नावाने सरकारने नवे कर बसवले, आणि तो पैसा अफगाण युद्धाकडे वळला. खुद्द ब्रिटिश पुढारी ग्लॅडस्टन यांनी ब्रिटनमधल्या सभांतून यावर कोरडे ओढले होते. सोलापूर-नगरकडच्या कोरड्या शिवारातला माणूस आणि मैवंदच्या धुळीतला माणूस एकाच हिशेबवहीत होते.

त्यानंतर अमीर अब्दुर रहमानला १८८३ पासून वर्षाला १२ लाख रुपये मिळू लागले, १८९३ च्या, अफगाणिस्तान आणि हिंदुस्थानची सरहद्द ठरवणाऱ्या, ड्युरँड करारानंतर १८ लाख. हा पैसाही हिंदुस्थानच्या तिजोरीतला. त्या बदल्यात पश्तून टोळ्यांच्या अंगणातून रेघ ओढली गेली. १९१९ मध्ये अमानुल्लाने तिसरे युद्ध केले आणि परराष्ट्र व्यवहाराचा हक्क परत मिळवला. तेव्हा काबूलवर विमानातून बॉम्ब पडले आणि ही वार्षिक रक्कमही बंद झाली.

पुढचा काळ तुमच्या लेखात एका ओळीत संपला. झहीर शाह १९३३ ते १९७३ गादीवर होते. या ४० वर्षांत टोळ्यांचे काही उठाव झाले, पण मोठे युद्ध झाले नाही. दुसऱ्या महायुद्धात देश तटस्थ राहिला. काबूल विद्यापीठ वाढले, १९६४ मध्ये नवी राज्यघटना आली. रक्त तेव्हाही तेच होते.

आग पुन्हा लागली ती एप्रिल १९७८ च्या सत्तापालटानंतर. त्यातून सत्तेवर आलेल्या कम्युनिस्ट नेत्यांचे, तराकी आणि अमीन यांचे, हुकूम कागदावर वाचले तर त्यातले बरेचसे मला मान्य होतील : सावकाराचे कर्ज माफ, मुलीच्या लग्नात तिच्या बापाला मिळणाऱ्या देजाला मर्यादा, जमिनीला ३० जरीबांची (सुमारे १५ एकरांची) कमाल मर्यादा. पण सावकार उठवला आणि त्याच्या जागी बँक आली नाही. जमीन मिळाली तरी बी, बैल आणि पाणी नव्हते. खेड्यात विचारायला कोणी गेले नाही, गेले ते बंदूक घेऊन. मौलवी, मास्तर, टोळीप्रमुख हजारोंनी उचलले आणि पुल-ए-चर्खीच्या तुरुंगात संपवले. मार्च १९७९ मध्ये हेरात उठले, तिथली पलटणही बंडखोरांना मिळाली. तराकींनी मॉस्कोला फोन करून अफगाण गणवेशातले सोव्हिएत सैनिक मागितले, तेव्हा सोव्हिएत पंतप्रधान कोसिजिन यांनी नकार दिला. म्हणजे धोका त्यांना दिसत होता. तरी डिसेंबरमध्ये रणगाडे आले आणि २७ तारखेला अमीन यांना त्यांनीच मदतीला बोलावलेल्या सैनिकांनी ठार केले.

अमेरिकेने बंडखोरांना छुपी मदत मंजूर केली होती जुलै १९७९ मध्ये, आक्रमणाच्या आधीच. पुढे सौदी पैसा आणि पाकिस्तानची आयएसआय त्यात आली, आणि कोणत्या गटाला किती बंदुका हे इस्लामाबादेत ठरू लागले. आपणही स्वच्छ नाही. १४ जानेवारी १९८० रोजी संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने सैन्य परत घेण्याचा ठराव १०४ विरुद्ध १८ मतांनी केला, तेव्हा भारत तटस्थ राहिला. मी तेव्हा कॉलेजात होतो आणि आम्हा मित्रांना ते शहाणपणाचे वाटले होते. आज वाटत नाही.

१५ फेब्रुवारी १९८९ रोजी शेवटची सोव्हिएत तुकडी अमूदर्या ओलांडून गेली. त्यांचे सुमारे १५,००० मेले. अफगाण किती मेले? दहा लाखांच्या आसपास असा अंदाज सांगतात. अंदाजच. ५० लाखांहून अधिक लोक देश सोडून गेले. सोव्हिएत मदत आटल्यावर १९९२ मध्ये नजीबुल्ला यांचे सरकार पडले आणि मुजाहिदीन गटांनी एकमेकांवर डागलेल्या रॉकेटांनी काबूल उद्ध्वस्त केले. या अराजकाला विटलेल्या कंदहारात १९९४ साली तालिबान उभे राहिले. बाकीचे वाचकांना माहीत आहे.

आमच्या पुण्यात अफगाण विद्यार्थी बरीच वर्षे येत आहेत. शेजारच्या इमारतीत राहणारा एक मुलगा आमच्याकडे चहाला येत असे. त्याचे आजोबा रशियन आले तेव्हा पेशावरला पळाले. वडील परत आले आणि रॉकेटांच्या दिवसांत पुन्हा पळाले. १५ ऑगस्ट २०२१ ला, काबूल तालिबानच्या हाती गेले त्या दिवशी, आमच्या सोसायटीत झेंडावंदन चालू होते आणि हा मुलगा जिन्यात फोन धरून बसला होता. त्याची बहीण काबूलला विद्यापीठात होती. डिसेंबर २०२२ मध्ये मुलींना विद्यापीठाचे दार बंद झाले, तेव्हापासून ती घरी आहे. एकदा मीच त्याला कौतुकाने म्हणालो होतो, तुमचा देश म्हणजे साम्राज्यांचे कब्रस्तान. तो थोडा वेळ गप्प राहिला आणि म्हणाला, “काका, तिथे आमचीच माणसं पुरली आहेत.”

लेखमालेचा पुढचा भाग २००१ ते २०२१ या काळावर आहे असे खाली छापले आहे. अमेरिकेचे या काळात सुमारे २,४०० सैनिक मेले, हा आकडा तुम्ही द्यालच. त्याच्याशेजारी त्याच बाजूने लढताना मेलेल्या ६० हजारांहून अधिक अफगाण सैनिक-पोलिसांचा आकडा, आणि मेलेल्या नागरिकांचाही, तेवढ्याच मोठ्या टायपात द्यावा. अमेरिका आणि तालिबान यांच्यातला दोह्याचा करार फेब्रुवारी २०२० मध्ये झाला तेव्हा काबूलच्या सरकारला त्या टेबलाशी जागाच नव्हती, हेही लिहावे. आणि शक्य झाल्यास पुण्यात शिकून इथेच अडकलेल्या विद्यार्थ्यांपैकी कोणाशी तरी आपल्या वार्ताहराने बोलावे. हा मुलगा बोलायला तयार आहे, मी त्याला विचारूनच हे लिहीत आहे.

आपला,
एक निवृत्त इतिहास शिक्षक,
पुणे