रक्कम छापता, करारही छापा

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

ब्राझीलच्या फुटबॉलपटूची बातमी आपल्याकडे साधारण दोनदा छापून येते. पहिल्यांदा तो कोट्यवधी युरोंना विकला जातो तेव्हा, आणि दुसऱ्यांदा तो तिथे 'फ्लॉप' ठरला असे म्हणायचे असते तेव्हा. मधल्या काळात त्याचे काय चालले होते, तो त्या क्लबात नेमका त्याच वेळी का गेला आणि तिथून का निघाला, याबद्दल ओळभरही नसते. परदेशात खेळणाऱ्या ब्राझिलियन खेळाडूची वाटचाल जेवढी मैदानावर ठरते तेवढीच करारावरच्या तारखा, नोंदणीचे नियम आणि परदेशी खेळाडूंच्या संख्येवरची मर्यादा यांनी ठरते. यात गुप्त काही नाही. फिफाची नियमावली कोणालाही वाचता येते. प्रश्न बातमी लिहिताना ती उघडण्याचा आहे.

उदाहरणासाठी नेमार नको, त्याच्यावर भरपूर शाई खर्च झाली आहे. हल्क घेऊ. गिव्हानिल्दो व्हिएरा दि सौझा हे त्याचे खरे नाव. जन्म २५ जुलै १९८६, ईशान्य ब्राझीलमधल्या पाराइबा राज्यात, काम्पिना ग्रांदे या शहरात. साल्वादोरच्या व्हितोरिया क्लबातून पुढे आलेला हा डावखुऱ्या पायाचा आघाडीपटू २००८ मध्ये पोर्तुगालच्या पोर्टो क्लबात आला, तिथून त्याची कारकीर्द सुरू झाली असा सर्वसाधारण समज आहे. प्रत्यक्षात तोवर तो २००५ पासून जपानमध्ये व्यावसायिक फुटबॉल खेळत होता. आधी कावासाकी फ्रोंताले. तिथे संधी कमी मिळाली, म्हणून २००६ मध्ये दुसऱ्या श्रेणीतल्या कोन्सादोले सप्पोरोकडे लोनवर (म्हणजे मूळ क्लबाचाच राहून ठरावीक काळ उसना), तिथे लीगमध्ये २५ गोल. २००७ मध्ये दुसऱ्या श्रेणीतच असलेल्या टोकियो व्हर्डीकडे, तिथे ३७ गोल. त्या हंगामात तो त्या श्रेणीतला सर्वाधिक गोल करणारा खेळाडू होता आणि व्हर्डी वरच्या श्रेणीत गेले.

जपानच का, याला ठोस कारणे आहेत. ब्राझीलचा नामवंत खेळाडू झिको १९९१ मध्ये जपानमधल्या काशिमाच्या क्लबात गेला आणि १९९३ मध्ये जे-लीग ही तिथली व्यावसायिक लीग सुरू झाल्यावर पहिल्याच सामन्यात त्याने हॅट्‌ट्रिक केली, तेव्हापासून तिथल्या क्लबांना ब्राझिलियन खेळाडू सांभाळण्याची सवय झाली. पोर्तुगीज दुभाषा क्लबाच्या पगारावर असतो. परदेशी खेळाडूंच्या जागा मोजक्या असल्याने ज्याला घेतले त्याला बाकावर बसवून ठेवणे क्लबाला परवडत नाही. एकतर तो खेळतो, नाहीतर लोनवर जाऊन खेळतो. आणि सर्वांत दुर्लक्षित मुद्दा म्हणजे हंगाम. त्या काळी जे-लीग वसंत ते डिसेंबर अशी चालायची, म्हणजे ब्राझीलच्या जानेवारी ते डिसेंबर या हंगामाशी जवळपास जुळणारी. शरीराचे घड्याळ बदलावे लागत नाही. वीस-एकवीस वर्षांच्या पोराला वर्षाला तीसहून अधिक सामने मिळणे ही त्या वयातली सर्वांत मोठी कमाई असते, आणि मोठ्या युरोपियन क्लबाच्या राखीव संघात ती मिळेलच असे नाही.

वयाचेही पाहा. फिफाच्या खेळाडू-हस्तांतरण नियमावलीतले १९ वे कलम १८ वर्षे पूर्ण होण्याआधी आंतरराष्ट्रीय हस्तांतरणाला मनाई करते. अपवाद थोडे: पालक फुटबॉलखेरीज अन्य कारणाने देश बदलत असतील तर, सीमेलगतच्या ५० किलोमीटरच्या पट्ट्यातला खेळाडू असेल तर, आणि युरोपियन युनियनच्या अंतर्गत १६ ते १८ या वयात. ब्राझीलच्या मुलाला यातला शेवटचा अपवाद सहसा लागू होत नाही. म्हणूनच व्हिनिसियस ज्युनियरचा स्पेनच्या रेआल माद्रिदशी व्यवहार मे २०१७ मध्ये ठरला, तरी तो तिथे गेला जुलै २०१८ मध्ये, १८ वा वाढदिवस झाल्यावर. एंद्रिकचा रेआलशीच झालेला व्यवहार डिसेंबर २०२२ चा, प्रवास जुलै २०२४ चा. मधल्या काळात खेळाडू जुन्याच क्लबाचा असतो आणि दुखापतीची टांगती तलवार दोन्ही क्लबांवर असते. अशा व्यवहाराच्या दिवशी 'रेआलमध्ये दाखल' असे शीर्षक देणे म्हणजे साखरपुड्याच्या दिवशी बारशाचे आमंत्रण देण्यासारखे आहे.

ही घाई क्लब का करतात? १८ वर्षांखालच्या खेळाडूशी तीन वर्षांपेक्षा लांब करार केला तरी वरची मुदत फिफा ग्राह्य धरत नाही. सोळाव्या वर्षी पहिला व्यावसायिक करार झाला, तर एकोणिसाव्या वर्षी मुलगा फुकट निघून जाऊ शकतो. आणि कराराचे शेवटचे सहा महिने उरले की त्याला दुसऱ्या क्लबाशी उघडपणे करार करता येतो. ब्राझिलियन क्लबासमोर दोनच मार्ग उरतात: मुदत वाढवून घ्या, नाहीतर विका. १९९८ च्या पेले कायद्याने करार संपल्यावरही खेळाडूला बांधून ठेवण्याची जुनी पद्धत मोडीत काढली, तेव्हापासून ब्राझीलमधल्या क्लबांचा ताळेबंद या तारखांवर चालतो.

आता रकमेकडे येतो. २०१२ च्या सप्टेंबरमध्ये पोर्टोने हल्कला रशियाच्या झेनित सेंट पीटर्सबर्गला विकले. सहा कोटी युरोपर्यंतचे आकडे छापले गेले. पोर्टोच्या वाट्याला आले चार कोटी. त्याच्या आर्थिक हक्कांपैकी, म्हणजे विक्रीच्या रकमेतल्या हिश्शापैकी, ८५ टक्केच क्लबाकडे होते. उरलेला हिस्सा बाहेरच्यांचा. त्या काळात ही नित्याची गोष्ट होती: गुंतवणूकदार कंपनी पोरसवदा खेळाडूचा ३०-४० टक्के हिस्सा घ्यायची आणि विक्रीची वाट पाहायची. नेमारच्या हक्कांपैकी ४० टक्के अशाच एका कंपनीकडे होते. त्याला विकत घेताना बार्सिलोनाने जाहीर केलेल्या ५ कोटी ७१ लाख युरोंपैकी सांतोस क्लबाला केवळ १ कोटी ७१ लाख दाखवले गेले आणि ४ कोटी नेमारच्या आईवडिलांच्या कंपनीला, म्हणून ते प्रकरण कोर्टात गेले. फिफाने १ मे २०१५ पासून त्रयस्थांच्या मालकीवर बंदी घातली. त्याआधीच्या आणि नंतरच्या व्यवहारांची रक्कम एकाच तक्त्यात शेजारी-शेजारी छापली, तर तुलना खोटी ठरते, कारण पहिल्या प्रकारात 'रक्कम' कोणाच्या खिशात गेली हेच तक्ता सांगत नाही.

रकमेतून आणखी एक वाटा निघतो, तो वाचकांना जरूर सांगावा. करार चालू असताना खेळाडू विकला गेला, तर विक्रीच्या रकमेच्या ५ टक्के रक्कम त्याला १२ ते २३ या वयात घडवणाऱ्या क्लबांत वाटावी लागते. १२ ते १५ या चार हंगामांना प्रत्येकी ०.२५ टक्के, १६ ते २३ या आठ हंगामांना प्रत्येकी ०.५ टक्के. २०१७ मध्ये पॅरिस सेंट जर्मेनने नेमारसाठी २२ कोटी २० लाख युरो मोजले. त्याचे ५ टक्के म्हणजे १ कोटी ११ लाख. ब्राझीलमधल्या लहान क्लबाची वर्षाची तरतूद अशा एखाद्या जुन्या पोराच्या तिसऱ्या-चौथ्या विक्रीतून भागते. घोळ होतो तो नोंदीत. बाराव्या वर्षी मुलगा कोणत्या तारखेला आला, कोणत्या तारखेला गेला, हे देशाच्या फुटबॉल महासंघाकडे नोंदवलेले नसेल तर हक्क सिद्ध करता येत नाही. नोव्हेंबर २०२२ पासून पॅरिसमधल्या फिफा क्लिअरिंग हाउसमार्फत हे वाटप सुरू झाले असले, तरी मूळ नोंदच चुकीची असेल तर तीही यंत्रणा हतबल आहे.

झेनितमधला काळ 'पैशासाठी गेला' या दोन शब्दांत उरकला जातो. पैसा होताच, आणि त्यातून संघात कलहही झाला. नव्याने आलेल्यांच्या पगारावरून इगोर देनिसोव्ह या अनुभवी रशियन खेळाडूने आपल्या करारातही वाढ मागितली आणि क्लबाने त्याला थेट युवा संघात पाठवले. तरी २०१४-१५ मध्ये झेनितने लीग जिंकली, हल्क त्या संघाचा कणा होता. मग २०१५-१६ पासून रशियन लीगने मैदानावर एका वेळी जास्तीत जास्त सहा परदेशी, असा नियम केला. परदेशी खेळाडूंवर बेतलेल्या संघाला याचा अर्थ लगेच कळतो. २०१६ च्या उन्हाळ्यात हल्क सुमारे ५ कोटी ५८ लाख युरोंना चीनच्या शांघाय एसआयपीजी क्लबाकडे गेला. चीनमध्येही तेच. जानेवारी २०१७ मध्ये हंगाम तोंडावर असताना सामन्यात परदेशी खेळाडू तीनच, असा फतवा निघाला. त्याच वर्षी मोठ्या विदेशी खरेदीवर रकमेएवढाच कर बसला. २०१८ मध्ये त्याच्या संघाने चिनी लीगमधली ग्वांगझौ क्लबाची सलग सात विजेतेपदांची मालिका मोडली. २०२१ पासून परदेशी खेळाडूच्या पगारावर ३० लाख युरोंची कमाल मर्यादा येणार होती आणि हल्कचा करार २०२० अखेर संपत होता. दोन तारखा शेजारी ठेवल्या की तो का परतला, याचे बरेचसे उत्तर मिळते. वय हे निमित्त. घरी येऊन अत्लेतिको मिनेइरोकडून २०२१ मध्ये, पस्तिशीत, तो १९ गोलांसह ब्राझिलियन लीगचा सर्वाधिक गोल करणारा ठरला आणि क्लबाला १९७१ नंतर प्रथमच ते विजेतेपद मिळाले. चीनमध्ये 'संपलेला' खेळाडू हे करत नाही.

आता 'फ्लॉप' या शिक्क्याविषयी. ब्राझीलच्या फ्लामेंगो क्लबाचा रेनिएर जानेवारी २०२० मध्ये, १८ पूर्ण होताच, रेआल माद्रिदने ३ कोटी युरोंना घेतला. मुख्य संघाकडून तो एकही सामना खेळला नाही. कौशल्य कमी पडले असेल, वाद नाही. पण स्पेनमध्ये संघात युरोपियन युनियनबाहेरचे तीनच खेळाडू चालतात आणि त्या तिन्ही जागा व्हिनिसियस, रॉद्रिगो आणि मिलिताओ या ब्राझीलच्याच तिघांनी अडवल्या होत्या. मग लोन, लोन आणि पुन्हा लोन. यातून सुटण्याचा मार्ग म्हणजे स्पॅनिश नागरिकत्व. ब्राझीलसह इबेरो-अमेरिकी (म्हणजे स्पॅनिश-पोर्तुगीज भाषक अमेरिकी) देशांच्या नागरिकांना दोन वर्षांच्या कायदेशीर वास्तव्यानंतर अर्ज करता येतो, इतरांना सहसा दहा वर्षे लागतात. व्हिनिसियसला ते २०२२ मध्ये मिळाले आणि एक जागा मोकळी झाली. नागरिकत्व मिळाले म्हणजे देशाचा संघ बदलला असे नव्हे, हे मात्र दर वेळी स्पष्ट करावे. पोर्तुगालमध्ये अशी अट नाही, भाषाही तीच. ब्राझीलमधून सर्वाधिक रहदारी तिकडे का, ते यात आले.

'फ्लॉप' दिसण्याचे दुसरे कारण वेळापत्रकाचे. जुलैत युरोपला जाणारा ब्राझिलियन खेळाडू जानेवारीपासून राज्य स्पर्धा, लीग आणि चषक खेळून आलेला असतो आणि विश्रांती न घेता नव्या हंगामाच्या तयारीत उतरतो. पहिल्या हिवाळ्यात मांडीचे स्नायू कुरकुरतात ते बहुधा यामुळे. जानेवारीत जाणारा ताजा असतो, पण सुट्टीवरून थेट चालू हंगामात, जमलेल्या संघात शिरतो. दोन्हींपैकी कोणत्या वाटेने गेला हे पाहिल्याशिवाय पहिल्या सहा महिन्यांवर निकाल देऊ नये.

झगमगाटाखालच्या थराबद्दल मात्र आपल्याकडे काहीच येत नाही. परदेशात खेळणारे बहुसंख्य ब्राझिलियन दुसऱ्या-तिसऱ्या श्रेणीत, एका हंगामाच्या करारावर असतात. तिथे नेहमीची अडचण थकलेल्या पगाराची. दोन महिन्यांचा पगार थकला तर खेळाडूने लेखी नोटीस देऊन क्लबाला किमान १५ दिवसांची मुदत द्यायची. तरीही पैसे आले नाहीत तर करार रास्त कारणाने मोडता येतो, असे नियमावलीचे '१४ बिस' (१४ व्याला जोडलेले) कलम सांगते. बरेच जण नोटीस न देता विमान पकडतात आणि करारभंगाचा आरोप स्वतःवर ओढवून घेतात. दावा दोन वर्षांच्या आत फिफाकडे करावा लागतो. निकाल लागून ४५ दिवसांत पैसे दिले नाहीत, तर क्लबावर नवे खेळाडू नोंदवण्याची बंदी येऊ शकते. दुसरी खोच म्हणजे पगाराचे दोन कागद: एक महासंघात नोंदवलेला छोटा करार आणि दुसरा 'प्रतिमा हक्कां'चा, म्हणजे त्याचे नाव आणि छायाचित्र वापरण्याच्या मोबदल्याचा, मोठा. वाद झाला की दुसरा कागद आपल्या कक्षेत येत नाही, असे फिफाची समिती अनेकदा म्हणते. आणि 'वैद्यकीय चाचणीत नापास, म्हणून करार रद्द' अशी बातमी आली तर थोडे थांबावे: सही झालेल्या कराराची वैधता वैद्यकीय चाचणीवर किंवा कामाच्या परवान्यावर अवलंबून ठेवता येत नाही, असे १८ वे कलम सांगते. चाचणी सहीच्या आधी उरकायची असते. नंतर उरकली तर भरपाई क्लबाच्या अंगावर येऊ शकते.

तेव्हा विनंती एवढीच की, ब्राझिलियन खेळाडूच्या हस्तांतरणाच्या बातमीत रकमेसोबत तीन गोष्टी छापाव्यात: नवा करार कोणत्या तारखेला संपतो, तो खेळाडू परदेशी कोट्यात मोडतो की नाही, आणि लोन असेल तर संपल्यावर खरेदी ऐच्छिक आहे की बंधनकारक. तिसरी गोष्ट सर्वांत जास्त चुकते. बंधनकारक खरेदीची रक्कम पुढच्या वर्षीच्या हिशेबात धरलेली असते, आणि ती 'नवी खरेदी' म्हणून दुसऱ्यांदा बातमी होते.

आपला,
एक नियमित वाचक