खंडीमागचे दोन हजार जातात कुठे?

संपादक महाशय,
स. न. वि. वि.

आपल्या कृषी पुरवणीतल्या ताज्या लेखात शेतकरी उत्पादक कंपन्यांना एक सल्ला दिला आहे. हंगामात रुईच्या (सरकी काढलेल्या कापसाच्या) गठाणी हाजर म्हणजे रोखीच्या बाजारात घ्या, त्याच दिवशी तीन महिने पुढचा वायदा (ठरल्या भावाने पुढे माल द्यायचा करार) विका आणि मधला फरक ‘बिनजोखमीचा नफा’ म्हणून घरी न्या. बाजारात याला आर्बिट्राज म्हणतात. लेखात हिशेब मांडला आहे, पण अर्धाच. कुणी तो वाचून खरंच सौदा टाकण्याआधी उरलेला अर्धा छापून यावा, म्हणून हे पत्र.

एमसीएक्स या वायदे बाजारात कापसाचा लॉट, म्हणजे एका सौद्याचं माप, 48 खंडींचा असतो. खंडी 356 किलोची आणि गठाण 170 किलोची, म्हणजे लॉटमागे जवळपास 100 गठाणी. समजा आज हाजर भाव खंडीला 54,000 आहे आणि तीन महिन्यांनंतरचा वायदा 56,000. लॉटमागे 96,000 रुपये दिसतात. लेख इथेच थांबतो. पण माल घ्यायला 25 लाख 92 हजार लागतात. 12 टक्के व्याजाने तीन महिन्यांचे 77,760 झाले. पैसा स्वतःचा असला तरी व्याज धरायचंच, कारण तो मुदत ठेवीत राहिला असता. वायदा विकताना मार्जिन म्हणजे अनामत भरावी लागते. 12 टक्के धरली तर 3 लाख 22 हजार अडकले, त्यावर व्याज 9,677. गोदामभाडं व विमा गठाणीला महिन्याकाठी 25 रुपये म्हणजे 7,500, आणि वाहतूक, हमाली, नमुना तपासणी मिळून गठाणीला 60 म्हणजे 6,000. सगळी बेरीज 1,00,937. शहाण्णव हजार मिळवायला एक लाख गेले, आणि दलाली अजून धरलेलीच नाही.

हे दर उदाहरणाचे आहेत, प्रत्येकाने आपले घालून बघावेत. पण एवढं एकदा करून बघा: बाकी सगळं तसंच ठेवून व्याज फक्त 9 टक्के धरा. त्याच सौद्यात सुमारे 17,000 उरतात. आर्बिट्राजचं सगळं इंगित यात आहे. ज्याच्याकडे स्वस्त पैसा, स्वतःचं शेड आणि वर्षभर चालणारं प्रेसिंग आहे, तो फरक त्याच्या खर्चापर्यंत खाली आणतो आणि थांबतो. उरलेला फरक आपल्याला स्क्रीनवर दिसतो, पण तो आपल्या खर्चात बसत नाही. दिसतो म्हणजे कुणाच्या नजरेतून सुटला, असं समजू नये.

आता ज्या ठिकाणी खरी माणसं बुडतात, ते बघू. वायदा विकल्यावर भाव खंडीला 3,000 ने चढला, तर वायद्यावरच्या तोट्याचे लॉटमागे 1,44,000 रुपये लगेच रोख भरावे लागतात. गोदामातल्या गठाणींची किंमतही तेवढीच वाढलेली असते, कागदावर नुकसान शून्य. पण गठाण एक्स्चेंजला भरता येत नाही, पैसे भरावे लागतात. इलेक्ट्रॉनिक गोदाम पावतीवर बँक कर्ज देते, पण मालाच्या पूर्ण किमतीएवढं नाही, आणि मंजुरीला लागणारे दिवस मार्जिनची मागणी थांबवून धरत नाहीत. पैसे न आल्यास दलाल सौदा कापतो, म्हणजे तोट्यात बंद करतो. मग भाव खाली येतो, तोवर आपल्या हाती नुसत्या गठाणी उरलेल्या असतात. हिशेब बरोबर असूनही माणूस बुडतो तो असा. आंद्रेई श्लायफर आणि रॉबर्ट विश्नी या अर्थशास्त्रज्ञांनी 1997 मध्ये नेमकं हेच मांडलं होतं: फरक मिटण्याआधी तो आणखी वाढू शकतो, आणि दुसऱ्याच्या पैशावर सौदा करणाऱ्याला तेवढी सवड मिळत नाही. पुढच्याच वर्षी अमेरिकेतला एलटीसीएम फंड याच वाटेने गेला. भागीदारांत दोन नोबेलविजेते असूनही चौदा बँका-वित्तसंस्थांना 3.6 अब्ज डॉलर ओतून तो सावरावा लागला.

मालाच्या बाजूने आपल्याकडे आणखी वेगळ्या अडचणी आहेत. सौदा ठराविक दर्जाच्या रुईचा असतो: धाग्याची लांबी, मायक्रोनेअर (धाग्याच्या बारीकपणाचं माप), कचरा, ओलावा. पहिल्या-दुसऱ्या वेच्याचा कापूस बसेल, पण फरदडीचा (हंगाम संपल्यावरही ठेवलेल्या पिकाचा) आणि बोंडअळीने केलेला कवडी (डागी) कापूस त्यात मिसळला की नमुना नापास होतो. डिलिव्हरी देता आली नाही, तर मुदतीला मिळेल त्या भावात वायदा परत घ्यावा लागतो. वजनाचंही बघा. दिवाळीतला ओलसर कापूस जिनिंगला गेला, गठाणी आपल्याच शेडमध्ये मार्चपर्यंत राहिल्या आणि मग एक्स्चेंजच्या गोदामात वजन झालं, तर एक टक्का घट म्हणजे 170 किलो. शंभरातली एक अख्खी गठाण हवेत गेली. वरच्या भावाने ती 25,800 रुपयांची होते.

भावाचं मूळ केंद्र राजकोट आहे. यवतमाळसारख्या जादा केंद्रावर माल द्यायचा असेल, तर ठिकाणाची वाढ किंवा कपात त्या मुदतीच्या परिपत्रकात बघूनच हिशेब मांडावा.

लेखातली आणखी एक चूक बहुतेक जण करतात. कास्तकारांच्या कंपनीकडे रुई नसतेच, कापूस असतो. पाच क्विंटल कापसातून एक गठाण निघते आणि सव्वातीन क्विंटलच्या आसपास सरकी. वायद्याने रुईचा भाव बांधला, सरकीचा मोकळाच राहिला. सरकी क्विंटलला फक्त शंभर रुपयांनी पडली, तर लॉटमागे 32,500 गेले. आणि लॉट भरायला 500 क्विंटल कापूस लागतो. कोरडवाहूत एकरी सात क्विंटल धरले तरी एकाहत्तर एकर झाले.

फरक उलटा असेल, म्हणजे वायदा हाजरपेक्षा खाली असेल, तर काय? पुस्तकात लिहिलेलं असतं की हाजर माल विका आणि वायदा घ्या. पण विकायला माल आणायचा कुठून? शेअर उसने मिळण्याची सोय तरी आहे, गठाणी तीन महिने उसन्या कोण देणार? म्हणून वरच्या बाजूला खर्चाची निदान एक हद्द आहे, खालच्या बाजूला तीही नाही. वायदा आठवडे-आठवडे खाली राहू शकतो, आणि त्यात कुणाचा कट असावा लागत नाही.

साठवणुकीची हद्द किती कडक असते, हे कच्च्या तेलाने दाखवलं. 20 एप्रिल 2020 ला अमेरिकी वायदा उणे 37.63 डॉलरवर बंद झाला, कारण डिलिव्हरीच्या ठिकाणी टाक्यांत जागा मिळेनाशी झाली होती. एमसीएक्सवर त्याचा निपटारा पिंपाला उणे 2,884 रुपयांनी झाला. आपल्याकडे तूर-हरभरा आला की मान्यताप्राप्त गोदामात जागेसाठी रांग लागते. गोदामाची जागा लेखी घेतल्याशिवाय वायदा विकणं म्हणजे बंडी (बैलगाडी) नसताना कापूस वेचायला लावणं.

सरकारी निर्णयांची जोखीम कुठल्याच तक्त्यात बसत नाही. 20 डिसेंबर 2021 ला बाजार नियामक सेबीने सोयाबीनसह सात शेतमालांचे वायदे थांबवले, आधीचे सौदे फक्त मिटवता येतील असं सांगून. कापसात ऑगस्ट 2022 मध्ये नवे सौदे अडवले गेले, फेब्रुवारी 2023 मध्ये वेगळ्या लॉटने परत आले. ऑगस्ट 2025 मध्ये कापसावरचं 11 टक्के आयातशुल्क एकाएकी माफ झालं आणि सवलत पुढे डिसेंबरअखेरपर्यंत वाढली. अशा दिवशी राजकोटचा वायदा आणि यवतमाळचा हाजर भाव सारखेच हलतील याची हमी कोण देणार?

वायदा कंपन्यांनी वापरूच नये, असं आमचं म्हणणं नाही. घरात माल आहे, खर्च निघून चार पैसे राहतील असा भाव आज मिळतो आहे, तर तो बांधून ठेवायला वायदा उपयोगी आहे. पण ते भाव बांधणं झालं, फरकावर कमावणं नव्हे, आणि दोन्हींना वेगवेगळा पैसा लागतो. भाव बांधतानाही मार्जिनशिवाय लॉटमागे निदान दीड लाख रोख बाजूला ठेवावेत.

शेवटी आपल्या वृत्तपत्राकडे एक मागणी. रोजच्या बाजारभावाच्या तक्त्यात आपण कापसाचा हाजर भाव क्विंटलला देता आणि शेजारीच वायदा खंडीला छापता. एक सरकीसकट कापूस, दुसरी जिनिंग झालेली रुई. त्या दोन आकड्यांच्या मध्ये रुईचा हाजर भाव, धाग्याची लांबी आणि केंद्राचं नाव एवढं छापता आलं, तर वाचकाला वजाबाकी करता येईल.

आपले,
शेतकरी उत्पादक कंपन्यांचे हिशेब पाहणारे काही वाचक,
दारव्हा, जि. यवतमाळ