आशाताई, तुम्ही माझीही विचारपूस केलीत

प्रिय ताई,

हे पत्र मुद्दाम सगळ्यांसमोर लिहितेय. बाळंतपणात मला खूप रक्तस्राव झाला. हात धरून ठेवले होते, वर ओरडाही खात होते आणि काय चाललंय ते कुणी सांगत नव्हतं. आपण मरतोय, एवढंच कळत होतं. बाहेर मात्र ‘बाळ-बाळंतीण सुखरूप’ म्हणून पेढे वाटले गेले.

मग आशा सेविका म्हणून तुम्ही घरी विचारपूस करायला आलात. बाळाचं वजन, ताप, माझं जेवण, अंगावरून जाणं, हे तुमच्या फॉर्मवर होतं. झोप लागते का, हे त्यात नव्हतं. ते तुम्ही आपणहून विचारलंत. डोळा लागला की मी पुन्हा त्याच टेबलावर असायचे. स्वयंपाकघरात ताट पडलं तरी अंगाला कापरं भरायचं. दवाखान्याच्या रस्त्याने जायलाही नको वाटायचं.

सासूबाई म्हणाल्या, “बाईचा पुनर्जन्मच असतो तो. आम्ही नाही का काढलं?” तुम्ही वाद घातला नाहीत. “मावशी, तुमचं पहिलं बाळंतपण कसं झालं होतं?” एवढंच विचारलंत. त्या सांगू लागल्या. सुईण, कंदील, अडलेलं मूल, दाराबाहेर माणसांची कुजबुज. तीसेक वर्षांपूर्वीचं, पण काल घडल्यासारखं. सांगता सांगता त्यांचा आवाज फुटला. त्यानंतर जिल्हा रुग्णालयात माझ्यासोबत त्याच आल्या.

तिथल्या डॉक्टरांनी नीट समजावलं. बाळंतपणानंतरची रडारड बहुतेकींची दोनेक आठवड्यांत ओसरते. नैराश्य वेगळं, आणि माझं होतं ते आघातानंतरचं दुखणं, पीटीएसडी. महिना उलटला तरी तेच प्रसंग समोर येत राहतात, धोका टळलाय हे मनाला पटतच नाही. यावर उपचार आहेत. माझे समुपदेशनाने झाले, वेळ लागला.

दुसऱ्या खेपेला मी भीतीने गारठले होते. सरकारी दवाखान्यांत २०१७ च्या ‘लक्ष्य’ कार्यक्रमाप्रमाणे प्रसूतीच्या खोलीत सोबतीला बाई ठेवता येते, हे तुम्हीच सांगितलंत, सिस्टरांशी बोललात. सासूबाई शेवटपर्यंत माझ्या उशाशी होत्या.

लेकीच्या वाढदिवसाआधीचे दिवस मला अजून जड जातात. तेव्हा तुम्ही दिलेल्या टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ वर फोन करते.

त्या फॉर्मवर बाळंतिणीच्या मनाचाही रकाना हवा, आणि तो भरणाऱ्या तुमच्यासारख्या बायांना वेळेवर, पुरेसा मोबदला हवा.

तुमची,
दोन लेकरांची आई