वकीलताई, लेकीच्या शनिवारांसाठी

आदरणीय वकीलताई,

सादर नमस्कार.

तुमची फी चुकती झाली, पण तुमचं देणं राहिलंच आहे. ते चार लोकांसमोर मान्य करावं म्हणून हे उघड पत्र.

मी तुमच्याकडे आलो तेव्हा लेकीला पाहून पाच महिने झाले होते. घटस्फोट संमतीचा. अटींमध्ये एवढंच लिहिलेलं, 'वडिलांना मुलीस परस्पर सोयीनुसार भेटता येईल.' सही करताना ते मला समजूतदारपणाचं वाटलं होतं. पुढे एका शनिवारी ताप, एका शनिवारी घरात लग्न, मग परीक्षा, मग फोनच बंद. तुम्ही घटस्फोटाचा हुकूमनामा, म्हणजे न्यायालयाचा आदेश, शांतपणे वाचलात आणि 'सोयीनुसार'खाली पेन्सिलीनं रेघ ओढलीत. म्हणालात, "सगळं इथं अडलंय."

त्या दिवशी मी पोटगी थांबवायचं ठरवून आलो होतो. तुम्ही ऐकूनच घेतलं नाहीत. पोटगी मुलीची आहे, ती एक महिनाही चुकवायची नाही, म्हणालात. फाटकावरून परत फिरलो की तारीख-वेळ वहीत लिहायला लावलीत. रागाचे मेसेज पाठवण्याआधी तुम्हाला दाखवायला सांगितलंत. त्यातले बहुतेक मी नंतर पाठवलेच नाहीत.

मग पुण्याच्या कौटुंबिक न्यायालयात दरखास्त, म्हणजे झालेला आदेश अमलात आणून घेण्यासाठीचा अर्ज. १९८४ च्या कौटुंबिक न्यायालय कायद्यातल्या कलम १८ मुळे इथल्या आदेशाची अंमलबजावणी दिवाणी हुकूमनाम्यासारखी करून घेता येते, हे मला कुठं ठाऊक होतं! मुद्दाम आदेश मोडला तर जप्ती, अगदी दिवाणी कैदही होऊ शकते, हे ऐकल्यावर माझ्या मनात काय आलं ते तुम्ही ओळखलंत. "आईला कैदेत टाकणाऱ्या बाबांकडे ती धावत येईल का?" एवढंच विचारलंत. त्या प्रश्नानं मी रात्रभर जागा होतो.

दरखास्तीत मूळ अटी बदलता येत नाहीत, म्हणून तुम्ही हिंदू विवाह कायद्याच्या कलम २६ खाली वेगळा अर्जही केलात. आता आदेशात 'सोय' हा शब्दच नाही. दुसरा आणि चौथा शनिवार, अकरा ते पाच. बुधवारी अर्धा तास व्हिडिओ कॉल. दिवाळी आणि मे महिन्याची सुट्टी निम्मी निम्मी. भेट हुकली तर लगेचचा रविवार. मुलीला कुणी, कुठं सोडायचं तेसुद्धा लिहिलंय. तिच्या आईलाही यानं हायसं वाटलं असावं, कारण दर वेळी नव्यानं वाद घालावा लागत नाही.

पहिल्या दोन भेटी न्यायालयातल्या मुलांच्या खोलीत, समुपदेशक बाईंसमोर झाल्या. "नवं खेळणं नेऊ नका, तिच्या ओळखीचं काहीतरी न्या," हे तुमचंच सांगणं. मी तिची जुनी भातुकली नेली. अर्धा तास ती माझ्याकडे पाठ करून बसली होती. मी समोर बसून होतो, काही बोललो नाही. मग तिनं इवल्याशा कपबशीत खोटाखोटा चहा ओतला आणि न बघताच माझ्याकडे सरकवला.

ताई, तो कप मी किती वेळ हातात धरून बसलो होतो, हे तुम्हाला दारातून दिसलंच असेल.

परवाच्या शनिवारी ती स्वतःच दप्तर घेऊन आली. आत भातुकली होती, आणि गृहपाठाची वहीही. सातचा पाढा अजून अडतोय.

तुमचा कृतज्ञ,
एक बाबा