केस पेपरवर ‘जुनी लचक’ लिहायला काय हरकत आहे?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

मी ठाण्यात राहते आणि मेडिकल कोडिंगच्या नोकरीसाठी रोज ट्रान्स हार्बर लोकलने ऐरोलीला जाते. अमेरिकेतल्या रुग्णांचे चार्ट वाचायचे आणि तिथल्या डॉक्टरांनी लिहिलेल्या निदानाला ठरलेला कोड लावायचा, हे आमचे काम. मी कॉम्प्युटरचे प्रोग्रॅम लिहिते असे नातेवाइकांना अजून वाटते, ते असो.

दीड वर्षापूर्वी ऐन पावसाळ्यात भाजीची पिशवी घेऊन येताना आई आमच्याच इमारतीच्या ओल्या पायरीवरून घसरली. उजवा घोटा मुरगळला. एक्स-रेत हाड शाबूत निघाले. क्रेप बँडेज, बर्फाचा शेक, आठ दिवस आराम आणि ‘काही नाही, साधी लचक आहे’. सूज उतरली, पण घोट्याचा भरवसा गेला तो गेलाच. रिक्षातून उतरताना पाय आत वळतो, जिन्यात कठडा सुटत नाही, तलावपाळीची संध्याकाळची फेरी बंद पडली. गेल्या महिन्यात दुसऱ्या डॉक्टरांना दाखवले. केस पेपरवर आले: ‘उजवा घोटा दुखतो’. खाली वय आणि कॅल्शियमच्या गोळ्या. पडल्याचे मी दोनदा सांगितले. डॉक्टर ‘हो, हो’ म्हणाले, पण लिहिले नाही. बाहेर पंधरा-वीस माणसे ताटकळत होती, हेही खरे.

हाच चार्ट अमेरिकेतून माझ्या टेबलावर आला असता, तर त्याला दोन कोड लागले असते. आधी आज काय होते आहे त्याचा, म्हणजे घोट्याच्या अस्थिरतेचा, एम २५.३७१. मग ते कशामुळे झाले त्याचा, म्हणजे मूळ लचकीचा, एस ९३.४०१, आणि त्याच्या शेवटी आणखी एक ‘एस’. हा शेवटचा ‘एस’ म्हणजे सिक्वेला, दुखापत बरी झाल्यावर मागे उरलेला त्रास. तिथे त्याला मुदत नाही. भाजल्याचा व्रण वीस वर्षांनी आखडला तरी तो त्या भाजण्याच्याच खात्यात जातो. आपल्याकडे जागतिक आरोग्य संघटनेचे मूळ आयसीडी-१०, म्हणजे आजार आणि दुखापतींच्या कोडची यादी, चालते. त्यातही टी ९० ते टी ९८ हा गट याचसाठी राखलेला आहे, आणि दुखापतीला वर्ष उलटूनही राहिलेला त्रास त्यात धरतात. आईचा घोटा सरळ टी ९३.३ मध्ये बसतो. डोक्याला नुसते खरचटल्याच्या मागाहूनच्या त्रासालाही टी ९०.० आहे. कोडची वाण कुठेच नाही.

वाण आहे ती लिहिण्याची. कोडरला आपल्या मनाने संबंध जोडता येत नाही. डॉक्टरांनी ‘जुन्या लचकीमुळे’ असे लिहिले तरच तो कोड लागतो. अमेरिकेतल्या डॉक्टरांना किमान आमच्याकडून क्वेरी (खुलाशाची लेखी विचारणा) तरी जाते. इथल्या ओपीडीच्या कागदाला कोण क्वेरी पाठवणार?

उद्या आईच्या घोट्याचे ऑपरेशन करावे लागले, तर विम्याच्या क्लेम फॉर्ममध्ये रुग्णालयाला आयसीडी-१० चा कोड भरावा लागेल, आणि दाखल होण्याचे कारण दुखापत आहे का, याचे उत्तरही द्यावे लागेल. तेव्हा हातात काय, तर ‘घोटा दुखतो’ म्हणणारा कागद. दुसरे नुकसान मला जास्त बोचते. ओल्या पायऱ्या, उखडलेले पेव्हर ब्लॉक, खड्डे यांत रोज कोणी ना कोणी पडते. नोंद झालीच तर त्या दिवसापुरती. वर्षभराने लंगडणारा माणूस ‘वयोमानाने’ म्हणून निघून जातो, आणि पायरी तशीच ओली राहते.

दोष सगळा डॉक्टरांचा नाही. पहिल्या दिवसाचा केस पेपर आम्हीच रद्दीत घातला होता, कोडिंग करणारी मुलगी घरात असताना! माझी विनंती एवढीच, की जुनी दुखापत सांगितली तर कधी, कुठे आणि कोणत्या बाजूला झाली, ते एका ओळीत लिहावे. मराठीत लिहिले तरी चालेल.

सोमवारी आईला पुन्हा दाखवायचे आहे. या वेळी तारखेसकट चिठ्ठी लिहून नेणार आहे, आणि ती केस पेपरला टाचून घ्या म्हणणार आहे.

आपली,
एक वाचक, नौपाडा, ठाणे