तुझ्या काळदर्शीवाल्याला आरसा घासू दे

नागपूर

चि. बेटा,
अनेक आशीर्वाद.

एकांकिकेचा खर्डा वाचला. महाल भागातल्या जुन्या वाड्याच्या माडीवर काळदर्शी, म्हणजे भूतकाळ दाखवणारं यंत्र, बनवणारे तुझे निवृत्त मास्तर मला मनापासून आवडले. अडतंय ते त्यांचं यंत्र. बटण दाबलं आणि 14 ऑक्टोबर 1956 ची दीक्षाभूमी पडद्यावर आली, असं तू लिहिलंस. मग या माणसाने जन्मभर केलं काय?

भूतकाळ बघायचा म्हणजे तेव्हा निघालेला प्रकाश आज पकडायचा. त्या सकाळी मैदानावरून परतलेलं ऊन 2026 साली 70 प्रकाशवर्षं लांब गेलेलं असेल. पाठलाग करून ते गाठता येत नाही. म्हणून वाटेत आरसा हवा, 35 प्रकाशवर्षांवर: जायला 35 वर्षं, यायला 35. पुनर्वसूतला ठळक तारा साधारण 34 प्रकाशवर्षांवर आहे आणि त्या सकाळी तो नागपूरच्या पश्चिम आकाशात होता, म्हणजे दिशाही जमते. पण आरसा 1991 साली तिथे हजर हवा. प्रकाशापेक्षा वेगाने काहीच जात नाही, तेव्हा तो इथून 1956 च्या आधीच निघालेला हवा. ही अट सोडू नकोस. ज्याने आधीच आरसा पाठवून ठेवला त्यालाच मागे बघता येतं, आणि मास्तरांच्या आधी कोणीच तो पाठवलेला नाही. तुझ्या नाटकातलं खरं दुःख इथे आहे.

दुर्बिणीचं मापही काढून बघ. 70 प्रकाशवर्षांच्या वाटेवरून 1 मीटरची वस्तू वेगळी ओळखायची, तर दुर्बिणीचा व्यास सुमारे 44 कोटी किलोमीटर लागतो, पृथ्वी-सूर्य अंतराच्या जवळपास तिप्पट. तेवढ्यातही माणूस म्हणजे एक ठिपका. चेहरा दिसणार नाहीच.

तरी मास्तरांना रिकाम्या हाताने परत पाठवू नकोस. 1572 साली शर्मिष्ठा तारकासमूहात एक तारा फुटला, खगोलनिरीक्षक टायको ब्राहेने तो पाहून नोंदवला. 2008 साली हवाई बेटावरच्या सुबारू दुर्बिणीने त्याच स्फोटाचा प्रकाश पुन्हा टिपला. आडबाजूच्या धुळीच्या ढगावर आपटून तो लांबच्या वाटेने आला, म्हणून चारशेहून अधिक वर्षं उशिरा पोचला. त्याचा वर्णपट, म्हणजे प्रकाशातले रंग वेगळे करून, काढल्यावर स्फोट कोणत्या जातीचा होता ते ठरलं: Ia प्रकार, म्हणजे श्वेतबटूचा, इंधन संपून आकसलेल्या ताऱ्याचा. धूळ मात्र आरशासारखी सपाट नसते. ढगाला जाडी असते, त्यामुळे वेगवेगळ्या दिवशी निघालेला प्रकाश एकात एक मिसळतो. चित्र मिळत नाही, रंग आणि तेज मिळतं. मास्तरांनी याच वाटेने जावं असं मला वाटतं.

आता त्यांची खोली. तिथे वायरींचं जंजाळ नको, दुर्बिणीच्या आरशासाठी घासायची काच दाखव. 6 इंच व्यासाची, इंचभर जाड काच, खाली तेवढ्याच मापाचं टूल, म्हणजे जिच्यावर काच घासायची ती चकती, आणि मध्ये कार्बोरंडमची घासायची पूड नि पाणी. 48 इंचांचं नाभीय अंतर (आरसा जिथे प्रकाश एकवटतो तिथवरचं अंतर) हवं असेल तर मधोमध खोलगटपणा फक्त 1.2 मिलिमीटर. आधी 80 नंबरची भरड पूड, मग आणखी बारीक 120, 220, 400, 600. प्रत्येक नंबर बदलताना टेबल, हात, नखं, ॲप्रन सगळं धुवायचं. 80 चा एक कण 600 च्या फेरीत शिरला की लांब ओरखडा उठतो आणि पुन्हा मागच्या नंबरवर जावं लागतं.

पॉलिशला सेरियम ऑक्साइडची पूड, आणि ती पिचच्या, म्हणजे डांबरासारख्या चिकट पदार्थाच्या, थरावर. इथेच नागपूरचा उन्हाळा आडवा येतो. मे महिन्यात 45 अंशांवर पिच ओघळतं, थरात कापलेले चर बुजतात, काचेशी बैठक सारखी राहत नाही आणि आरशाची कड पडते, म्हणजे काठ जास्त झिजतो. अंगठ्याचं नख दाबून बघायचं. लगेच खोल रुतलं तर पिच मऊ आहे. मंद आचेवर आणखी तापवून ते कडक करायचं, नाहीतर काम डिसेंबरपर्यंत ठेवायचं. कूलर लावून भागत नाही. झोत एका बाजूने लागला की काच वेडीवाकडी थंड होते. तपासणीही लगेच करायची नाही. घासून गरम झालेली काच तासभर ठेवली नाही, तर आरशाचा आकार तपासायच्या फुको चाचणीत खोटा उंचवटा दिसतो. सरतेशेवटी पृष्ठभागावर खपवून घेतली जाणारी चूक मिलिमीटरच्या चौदा हजाराव्या भागाएवढी. एवढ्यासाठी माणूस वर्ष घालवतो, हे प्रेक्षकाला दिसलं पाहिजे.

आरसा झाला की त्यांना पेंचला ने. 2024 पासून तो भारतातला पहिला डार्क स्काय पार्क, म्हणजे रात्रीचा काळोख जपलेली जागा, आहे. तिथून देवयानी दीर्घिका बघितली की डोळ्यात 25 लाख वर्षांपूर्वीचा प्रकाश येतो. नोव्हेंबरअखेर रात्री आठच्या सुमारास ती उत्तरेला, डोक्यापासून जेमतेम 20 अंश खाली असते. संवाद त्या वेळेचा लिही.

दुसऱ्या प्रवेशातलं बटण तेवढं काढ आणि सुधारलेला खर्डा पाठव. आई 80 आणि 220 चे डबे वेगवेगळ्या झाकणांचे आणून ठेवते आहे, रंगमंचावर खरेच ठेवू.

तुझे बाबा